सुपर फाल्कन्सचा पैसा अडतो कुठे?

१४ डिसेंबर २०१६. नायजेरियाचे अध्यक्ष मुहम्मदू बुहारी अबुजाच्या संसदेत पुढच्या वर्षाचा अर्थसंकल्प मांडत होते आणि बाहेर काही मुली हातात फलक घेऊन उभ्या होत्या. या मुली त्या घडीला आफ्रिकेच्या विजेत्या होत्या. अकराच दिवसांपूर्वी याउंदेत, यजमान कॅमेरूनच्या प्रेक्षकांसमोर, डिझायर ओपारानोझीने ८४व्या मिनिटाला गोल मारला होता आणि नायजेरियाच्या महिला संघाने, म्हणजे सुपर फाल्कन्सने, आफ्रिका चषक पुन्हा एकदा घरी आणला होता. घरी आणला, पण महासंघाच्या हाती दिला नाही. बोनस आणि भत्ते मिळेपर्यंत हॉटेल सोडायचं नाही आणि चषकही द्यायचा नाही, असं त्यांचं ठरलं होतं.

पैसे का थकले, यावर तेव्हाचे क्रीडामंत्री सॉलोमन डालुंग यांनी बीबीसीला दिलेलं उत्तर अजब होतं. हा संघ जिंकेल हे कुणाला ठाऊक होतं, असा त्यांचा सूर. खात्री असती तर आधीच तरतूद केली असती म्हणे. ज्या संघाने त्याआधी हेच अजिंक्यपद सात वेळा जिंकलं होतं, त्याच्याबद्दल हे बोलणं!

मंत्र्यांवर हसणं सोपं आहे. पण त्यांच्या तोंडून गाडी कशी चालते ते खरं खरं बाहेर पडलं. जिंकल्यावर किती द्यायचं हे आकडे ठरलेले असतात, ते कुठल्या खात्यातून द्यायचे हे ठरलेलं नसतं. संघ हरला तर प्रश्नच नाही. जिंकला तर धावाधाव. नायजेरियाच्या महिला खेळाडूंचं गेल्या वीस वर्षांचं गाऱ्हाणं या एका गोष्टीभोवती फिरतं. ते समजायचं तर राष्ट्रीय संघातल्या खेळाडूला पैसे मुळात कोण देतं, इथून सुरुवात करावी लागते.

आपल्याकडे क्रिकेटमुळे डोक्यात एक चित्र पक्कं बसलं आहे. बीसीसीआय वर्षाला करार करतं, खेळाडूंच्या श्रेणी ठरतात, सामन्याचं मानधन ठरलेलं असतं. म्हणजे देशाकडून खेळणारी खेळाडू ही बऱ्याच अंशी मंडळाच्या पगारावर असते. फुटबॉलमध्ये तसं नाही. फुटबॉलपटू नोकरीला असते ती क्लबच्या. पगार क्लब देतो, दुखापत झाली तर उपचार बहुधा क्लब बघतो, करार क्लबशी. देशाचा महासंघ तिला फक्त ठरलेल्या काळापुरता मागून घेतो. फिफाच्या कॅलेंडरमध्ये वर्षातले काही दिवस आंतरराष्ट्रीय सामन्यांसाठी राखलेले असतात आणि त्या दिवसांत खेळाडूला सोडणं क्लबवर बंधनकारक असतं. त्या काळातही पगार क्लबचाच चालू असतो.

मग महासंघ काय देतो? प्रवास आणि राहण्याची सोय, शिबिरात असेपर्यंत रोजचा भत्ता, सामना जिंकला वा बरोबरीत सोडवला तर बोनस, आणि मोठ्या स्पर्धेत मिळालेल्या बक्षिसातला वाटा. विमानाचं तिकीट खेळाडूने स्वतःच्या खिशातून काढलं असेल तर त्याची भरपाईही यातच येते. यातली एकही गोष्ट पगार नाही. म्हणून ती महिन्याच्या महिन्याला येत नाही. आणि थकली तर खेळाडूने नक्की कुणावर दावा लावायचा, हेही धड स्पष्ट नसतं.

आता या पैशाचा प्रवास बघू. नायजेरियन फुटबॉल महासंघाकडे तो दोन दिशांनी येतो. एक वाट सरकारची: क्रीडा खात्याची तरतूद, मग मंजुरी, मग रक्कम प्रत्यक्ष सुटणं. दुसरी वाट आंतरराष्ट्रीय संघटनांची, म्हणजे फिफा आणि आफ्रिकेची संघटना काफ. सरकारी पैसा सरकारी चालीने येतो. त्याबद्दल मराठी वाचकाला जास्त सांगायची गरज नाही. स्पर्धेच्या बक्षिसाचा पैसा स्पर्धा आटोपल्यावर येतो, आणि तोही खेळाडूच्या नाही, महासंघाच्या खात्यात. बोनस मात्र सामना संपल्या रात्रीच देणं झालेला असतो. मधल्या काळात महासंघाने स्वतःच्या गंगाजळीतून तो भागवायचा, अशी अपेक्षा. गंगाजळीच नसेल तर?

त्यात चलनाची एक गंमत आहे, खेळाडूंच्या दृष्टीने मुळीच गंमत नसलेली. नायजेरियात राष्ट्रीय संघाचे बोनस बहुतेक वेळा डॉलरमध्ये बोलले जातात आणि सरकारची कमाई होते नायरात. २०२३च्या जूनमध्ये नायराचा भाव बाजारावर सोडला गेला. त्याआधी डॉलरला साधारण ४६० नायरा पडत होते, पुढच्या वर्षी ते दीड हजाराच्या आसपास गेले. अर्थसंकल्पात नायरामध्ये केलेली तरतूद वर्षभरात तिपटीने अपुरी पडली. थकलेला डॉलरचा हिशेब महासंघाला दर महिन्याला जड होत जातो. आणि तडजोड म्हणून तो जुन्या भावाने नायरात चुकता करायचं ठरलं, तर खेळाडू बुडते.

मग सरकारनेच महासंघ ताब्यात का घेऊ नये, असा प्रश्न पडेल. तेही करता येत नाही. सरकारने किंवा न्यायालयाने महासंघाच्या कारभारात हात घातला की फिफा त्या देशाला निलंबित करतं. २०१४च्या जुलैमध्ये नायजेरियाच्या बाबतीत हेच झालं. पदाधिकाऱ्यांचा वाद कोर्टात गेला, सरकारने आपला माणूस बसवला, आणि ९ जुलैला फिफाने निलंबनाचं पत्र धाडलं. त्याची झळ लागणार होती वीस वर्षांखालच्या मुलींना. ऑगस्टमध्ये कॅनडात त्यांचा विश्वचषक होता आणि निलंबन उठलं नाही तर संघाला खेळता येणार नव्हतं. १८ जुलैला ते उठलं. मुली कॅनडाला गेल्या, अंतिम सामन्यापर्यंत पोचल्या, जर्मनीकडून जादा वेळेत ०-१ ने हरल्या. स्पर्धेतली सर्वोत्तम खेळाडू आणि सर्वाधिक गोल करणारी, दोन्ही मान एकाच मुलीला मिळाले. ती असिसात ओशोआला. पुढे ती बार्सिलोनाकडून खेळली आणि सहा वेळा आफ्रिकेची सर्वोत्तम महिला फुटबॉलपटू ठरली. मोठ्यांच्या खुर्च्यांच्या भांडणात ती स्पर्धा तिच्या हातून जाता जाता राहिली.

म्हणजे अवघडलेपण असं: महासंघाचा खर्च मोठ्या प्रमाणावर सरकारच्या पैशावर चालतो, पण हिशेब मागायला सरकार फार पुढे सरकलं तर फिफा डोळे वटारतं. आणि फिफा स्वतः रोजच्या हिशेबात उतरत नाही. या दोघांच्या मधल्या जागेत खेळाडूचा बोनस पडून राहतो.

हॉटेलच का?

२०१६चा प्रसंग पहिला नव्हता. २००४ साली दक्षिण आफ्रिकेत झालेल्या याच आफ्रिका चषकाच्या अंतिम सामन्यात नायजेरियाने कॅमेरूनला ५-० ने धुतलं. त्यातले चार गोल एकट्या पर्पेच्युआ न्क्वोचाचे. त्यानंतर बोनस थकला म्हणून विजेता संघ तीन दिवस हॉटेलातून हलला नाही. २०१९च्या विश्वचषकात फ्रान्समधल्या ग्रेनोबलला जर्मनीकडून ०-३ ने हरल्यावर पुन्हा हॉटेलात ठिय्या. आणि मागणी होती ती बरीचशी दोन-तीन वर्षं जुन्या थकबाकीची. २०२२ साली मोरोक्कोतल्या आफ्रिका चषकात तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्याआधी सरावावर बहिष्कार.

हे वाचून कुणाला वाटेल की या मुली भांडखोर आहेत. तसं म्हणणारे नायजेरियातही आहेत. पण खेळाडूच्या हातात दुसरं आहे काय, ते बघा. स्पर्धा संपली की संघ फुटतो. कुणी स्पेनला, कुणी अमेरिकेला, कुणी नॉर्वेला, कुणी परत नायजेरियातल्या आपल्या क्लबकडे. एकेकटीने महासंघाला पाठवलेल्या ईमेलला किती भाव मिळणार? तेवीस जणी एका छताखाली असतात तो काळ वर्षातून मोजका, आणि त्यातही पत्रकारांचे कॅमेरे समोर असतात तो आणखी थोडा. शिवाय हॉटेलचं बिल महासंघाच्या नावावर चढत असतं. परतीचं विमान चुकलं की देशाची शोभा होते. ठिय्या तिथेच होतो, कारण जोर लावायची जागा तेवढीच आहे.

त्याची किंमतही असते. २०१९च्या ठिय्याच्या वेळी ओपारानोझी कर्णधार होती. पुढे तिचं कर्णधारपद गेलं आणि बराच काळ ती संघाबाहेर राहिली. अनेक बातम्यांत त्याचा संबंध ग्रेनोबलशी जोडला गेला. २०२३च्या विश्वचषकात ती परत दिसली, आणि इंग्लंडविरुद्ध टायब्रेकरमधली तिची पेनल्टी हुकली. ज्या बाईच्या गोलवर २०१६चा चषक आला, तिच्या वाट्याला हे दोन्ही आलं.

इथे एक गोष्ट निक्षून सांगायला हवी. बोनसचा घोळ फक्त बायकांच्याच वाट्याला येतो असं नाही. २०१४च्या ब्राझील विश्वचषकात घानाच्या पुरुष संघाने पैसे हातात पडल्याशिवाय खेळायला नकार दिला, तेव्हा त्यांच्या सरकारने तीस लाखांहून अधिक डॉलरची रोकड खास विमानाने ब्राझिलियाला पाठवली. बचावपटू जॉन बॉये नोटांच्या गड्डीला ओठ लावतो आहे, तो फोटो जगभर फिरला. लोक हसले. पण बँकेतून येतील या आश्वासनावर आफ्रिकेतल्या खेळाडूचा विश्वास किती उरला आहे, हे त्या रोकडीइतकं स्पष्टपणे कुणीच सांगितलं नाही. फरक इतकाच की घानाच्या पुरुषांसाठी विमान उडालं. बायकांच्या संघासाठी असं विमान उडाल्याचं ऐकिवात नाही.

फिफाने उपाय काढला, तो अर्ध्यावर

२०२२च्या ऑक्टोबरमध्ये २५ राष्ट्रीय संघांतल्या १५० खेळाडूंनी फिफाला पत्र लिहिलं. ते फिफप्रो या खेळाडूंच्या जागतिक संघटनेमार्फत गेलं. मागणी अशी की विश्वचषकाच्या बक्षिसातला किमान ३० टक्के वाटा खेळाडूंना मिळेल याची हमी द्या. फिफाने ते मोठ्या प्रमाणात मानलं. २०२३च्या महिला विश्वचषकासाठी बक्षिसाची रक्कम ११ कोटी डॉलर झाली; २०१९ साली ती ३ कोटी होती. आदल्या वर्षीच्या पुरुषांच्या विश्वचषकात ती ४४ कोटी होती, हेही लक्षात असू द्या. आणि पहिल्यांदाच रकमेत खेळाडूंचा हिस्सा नावानिशी वेगळा काढला गेला. गटातच बाद झालेल्या संघातल्या प्रत्येकीला ३० हजार डॉलर, शेवटच्या सोळांत पोचलेल्या संघातल्या प्रत्येकीला ६० हजार, विजेत्या संघातल्या प्रत्येकीला २ लाख ७० हजार.

हा आकडा किती मोठा, ते समजण्यासाठी दुसरा आकडा: जगभरातल्या व्यावसायिक महिला फुटबॉलपटूंचा सरासरी वार्षिक पगार तेव्हा फिफाच्याच अहवालानुसार १४ हजार डॉलर होता. म्हणजे शेवटच्या सोळांत पोचलेल्या नायजेरियाच्या वाट्याला आलेले ६० हजार हे सरासरी खेळाडूच्या चार वर्षांच्या कमाईहून जास्त. बार्सिलोनाकडून खेळणाऱ्या ओशोआलाला त्याने फारसा फरक पडत नसेल. पण त्याच संघात चाळिशीची ओनोमे एबी होती. सहा विश्वचषकांचा अनुभव गाठीला असलेली ही बचावपटू तेव्हा नायजेरियातल्या अबिया एंजल्स या क्लबकडून खेळत होती. नायजेरियातले बरेच महिला क्लब राज्य सरकारांच्या पैशावर चालतात, आणि तिथला पगार कधी येतो, कधी रखडतो. एकाच संघातल्या दोघींसाठी तोच बोनस एकीला वरखर्च असतो आणि दुसरीला घराचा पाया. ठिय्या देताना मात्र दोघी एकत्र बसतात, हे या संघाबद्दल मला सगळ्यात मोठं वाटतं.

पण फिफाने हमी दिली आणि स्पर्धेच्या तोंडावर, १९ जुलैला, अध्यक्ष जियानी इन्फान्तिनो यांनी खुलासा केला की पैसे जाणार ते महासंघांमार्फतच. आपली संघटना महासंघांची आहे, थेट खेळाडूंना देता येत नाही. म्हणजे गळतं नळकांडं तेच, फक्त त्यातून आता जास्त पाणी सोडायचं ठरलं.

हिशेब मांडून बघू. शेवटच्या सोळांत पोचलेल्या महासंघाला स्वतःसाठी १८ लाख ७० हजार डॉलर, आणि तेवीस खेळाडूंचे प्रत्येकी ६० हजार म्हणजे १३ लाख ८० हजार. एकूण साडेबत्तीस लाख डॉलर एकाच दिशेने अबुजाला निघणार. याशिवाय तयारीसाठी प्रत्येक देशाला ९ लाख ६० हजार आधीच मिळालेले. तयारीच्या या पैशावरूनच प्रशिक्षक रँडी वॉल्ड्रम स्पर्धेच्या काही आठवडे आधी उघडपणे बोलले. नायजेरियातलं शिबिर रद्द झालं, मग तो पैसा गेला कुठे, आणि माझाच पगार कित्येक महिने थकला होता, असं त्यांचं म्हणणं. महासंघाने आरोप फेटाळले आणि उलट वॉल्ड्रम यांच्यावरच तोंडसुख घेतलं.

या हमीमुळे आणखी एक अनपेक्षित गोष्ट घडली. महासंघांना सबब मिळाली. फिफा तुम्हाला तीस हजार देतंच आहे, मग आम्ही वेगळा सामना-बोनस कशाला द्यायचा? हा युक्तिवाद दक्षिण आफ्रिकेत ऐकू आला तेव्हा त्यांच्या महिला संघाने, म्हणजे बान्याना बान्यानाने, सरळ मैदानावर जायलाच नकार दिला. हा संघ आफ्रिकेचा ताजा विजेता होता. २ जुलै २०२३, जोहान्सबर्गजवळचं त्साकाने स्टेडियम, बोत्स्वानाविरुद्ध निरोपाचा सामना. खेळाडूंची तक्रार दुहेरी होती: करारात बोनसचा उल्लेख नाही, आणि विश्वचषकाला निघालेल्या संघासाठी मैदान धड नाही. महासंघाने काय करावं? इकडून तिकडून मुली गोळा करून संघ उतरवला. त्यात एक अवघी तेरा वर्षांची होती. ०-५ असा पराभव झाला. तीन दिवसांनी वाद मिटला तो महासंघाच्या पैशाने नाही. मोत्सेपे फाउंडेशनने ६० लाख रँड दिले, प्रत्येक खेळाडूच्या वाट्याला २ लाख ३० हजार. पॅट्रिस मोत्सेपे म्हणजे काफचेच अध्यक्ष. खंडाच्या फुटबॉलच्या प्रमुखाच्या कुटुंबाने देणगी दिली म्हणून राष्ट्रीय संघ विश्वचषकाला गेला. मनाचा मोठेपणा खराच, पण पद्धत म्हणून याहून वाईट काय असेल? त्या संघाने मात्र इटलीला भरपाई वेळेतल्या गोलने ३-२ असं हरवून पहिल्यांदाच शेवटच्या सोळांत धडक मारली.

नायजेरियाचंही तसंच. ऑलिम्पिक विजेत्या कॅनडाशी बरोबरी, यजमान ऑस्ट्रेलियावर ३-२ असा विजय, आयर्लंडशी बरोबरी. ७ ऑगस्टला ब्रिस्बेनमध्ये इंग्लंडला त्यांनी १२० मिनिटांत एकही गोल करू दिला नाही. इंग्लंडच्या लॉरेन जेम्सने मिशेल अलोझीच्या पाठीवर पाय दिला आणि लाल कार्ड घेऊन बाहेर गेली. टायब्रेकरमध्ये नायजेरिया २-४ ने हरला. त्यानंतर लगेच फिफप्रोचं निवेदन आलं: महासंघाकडे बोनस, शिबिराचे भत्ते आणि खर्चाची भरपाई थकली आहे, काही रकमा थेट २०२१पासूनच्या.

अलोझीचं नाव निघालंच आहे म्हणून थोडं विषयांतर. ती जन्मली कॅलिफोर्नियात, शिकली येल विद्यापीठात, खेळली ह्यूस्टनच्या क्लबकडून, आणि फुटबॉलच्या जोडीने तिथल्या बालरुग्णालयात कर्करोगावरच्या संशोधनात काम करत आली. अ‍ॅशली प्लम्प्टर इंग्लंडच्या लेस्टरची. इंग्लंडच्या कुमार संघांतून खेळलेली, आजोबा नायजेरियन. फिफाच्या नियमात आईवडील किंवा आजीआजोबांच्या नात्याने त्या देशाकडून खेळता येतं. अशा मुली संघात वाढल्या आणि बोनसच्या वादाचा सूर बदलला, असं मला वाटतं. लेखी करार, ठरलेली तारीख, वकील, संघटना हे शब्द त्यांच्या रोजच्या व्यवहारातले. अमेरिकेच्या महिला संघाने २०२२ साली आपल्या महासंघाशी सामूहिक करार केला आणि विश्वचषकाचं बक्षीस पुरुष व महिला संघांनी एकत्र करून समान वाटून घ्यायचं ठरलं. ते चित्र जवळून पाहिलेली खेळाडू ‘बघू, करू’वर फार दिवस थांबत नाही.

बक्षीस आणि देणं

या संघाची पुढची पिढी आपल्याकडे खेळून गेली, हे बऱ्याच जणांच्या लक्षात नाही. २०२२च्या ऑक्टोबरमध्ये सतरा वर्षांखालील मुलींचा विश्वचषक भारतात झाला. नायजेरियाच्या या वयोगटाच्या संघाला फ्लेमिंगोज म्हणतात. उपांत्यपूर्व फेरीत नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर त्यांनी अमेरिकेला टायब्रेकरवर काढलं. उपांत्य सामना मडगावच्या फातोर्ड्याला कोलंबियाशी, गोलशून्य, पुन्हा टायब्रेकर आणि हार. मग परत नवी मुंबईत जर्मनीशी तिसऱ्या क्रमांकासाठी ३-३ अशी झुंज आणि टायब्रेकरवर कांस्यपदक. या स्पर्धेतलं नायजेरियाचं ते पहिलंच पदक. अशा मुली काही वर्षांत वरच्या संघात जातात, आणि त्यांच्याबरोबर तीच व्यवस्थाही त्यांच्या वाट्याला येते.

२६ जुलै २०२५ला रबातमध्ये आफ्रिका चषकाच्या अंतिम सामन्यात सुपर फाल्कन्स यजमान मोरोक्कोविरुद्ध मध्यंतराला ०-२ अशा मागे होत्या. एस्थर ओकोरोंक्वोने पेनल्टीवर एक, फोलाशादे इजामिलुसीने दुसरा, आणि ८८व्या मिनिटाला जेनिफर एचेगिनीने तिसरा गोल केला. दहावं अजिंक्यपद. निळ्या वेण्यांची कर्णधार राशिदात अजिबादे स्पर्धेतली सर्वोत्तम खेळाडू ठरली. काफने विजेत्याचं बक्षीस या खेपेला दुप्पट करून १० लाख डॉलर केलं होतं. पुरुषांच्या २०२३च्या आफ्रिका चषकाच्या विजेत्याला ७० लाख मिळाले होते.

संघ अबुजाला परतला आणि अध्यक्ष बोला टिनुबू यांनी प्रत्येक खेळाडूला एक लाख डॉलरच्या तोडीचे नायरा, तीन बेडरूमची सदनिका आणि राष्ट्रीय सन्मान जाहीर केला. राज्यपालांच्या मंचाने वर प्रत्येकी एक कोटी नायरा. टाळ्या झाल्या, आणि लगेच कुरबुरही. त्याच आठवड्यात नायजेरियातल्या परिचारिकांनी वेतन आणि भत्त्यांसाठी संप पुकारला होता. फुटबॉलवाल्यांसाठी एका रात्रीत कोट्यवधी निघतात, मग आमचे भत्ते का अडतात, हा त्यांचा सवाल कसा खोडणार?

मला तो सवाल खेळाडूंच्या विरोधातला वाटत नाही. उलट दोघींचं दुखणं एकच दिसतं. एक लाख डॉलर ही अध्यक्षांची खुशी आहे. ती मोठी आहे, देखणी आहे, कॅमेऱ्यासमोर दिलेली आहे. पण ती कुठल्या करारात लिहिलेली नव्हती, म्हणून पुढच्या विजेत्यांना ती मागता येणार नाही. उपांत्य फेरीत हरणाऱ्या संघाला तर नाहीच नाही. याउलट पात्रता सामन्याचा बोनस रकमेने किरकोळ असतो, पण ते देणं असतं. मर्जीतून लाख सुटतात आणि देण्यातले हजार वर्षानुवर्षं अडकतात, कारण मर्जीला श्रेय मिळतं आणि देणं चुकवल्याबद्दल कुणी हार घालत नाही. खेळाडूंच्या संघटना जे मागतात ते यामुळेच अगदी रुक्ष वाटतं: स्पर्धेला निघण्याआधी सही झालेला करार, बोनसची रक्कम कुठल्या चलनात आणि किती दिवसांत, थकली तर तक्रार कुठे. त्यात भाषणाला वावच नाही.

आणि वेळेचा प्रश्न उरतोच. ११ नोव्हेंबर २०२५ला त्याच रबातमध्ये नायजेरियाच्या पुरुष संघाने थकलेल्या बोनससाठी सराव करायला नकार दिला. दोन दिवसांनी गॅबनशी विश्वचषक पात्रतेचा बाद सामना होता. दुसऱ्याच दिवशी वाद मिटल्याचं कर्णधाराने कळवलं, संघ सरावाला उतरला आणि गॅबनला ४-१ ने हरवून मोकळा झाला. २०१६च्या डिसेंबरात मुलींना अकराव्या दिवशीही संसदेबाहेर उभं राहावं लागलं होतं, कारण त्यांची स्पर्धा संपली होती आणि अडवून धरण्यासारखा पुढचा सामनाच त्यांच्याकडे नव्हता. २०२२ आणि २०२३ साली वाद सामन्यांच्या आधीच बाहेर यायला लागले, ते या हिशेबाने.